हाफ चड्डीतला मुराळी

टेपवाडीत फुटबॉल आला तो चिमाजीच्या वळकटीतून. साल सहासष्ट. पलटणीतली नोकरी संपवून चिमाजी घरी परतला, तेव्हा त्याच्या आईनं, चंद्राबाईंनी, दारातच विचारलं, "इतकी वर्सं सरकारची भाकरी खाल्लीस, घरी काय आणलंस?" चिमाजीनं ओट्यावर वळकटी सोडली. आत एक कांबळं, एक शिट्टी आणि हवा गेलेला एक कातडी चेंडू. चंद्राबाईंनी चेंडू हातात घेऊन दाबून बघितला आणि म्हणाल्या, "ह्याची भाजी करत्यात का काय?"

चुलीपाशी बसलेली चिमाजीची बायको सगुणा खुदकन हसली. त्या चेंडूवर ती हसली ती तेवढीच. पुढं बरीच वर्षं तिला त्याचं हसू आलं नाही, कारण त्या चेंडूनं तिचं माहेर गिळलं आणि ते परत ओकायला लावता लावता तिच्या नाकी नऊ आले.

सगुणा उंच, काटक, कामाला वाघीण. पण तिची खरी ख्याती तिच्या आवाजाची. टेपवाडी भाटघर धरणाच्या पाण्याच्या अगदी वरच्या टोकाला वसलेली. म्हैस पोहत पलीकडच्या काठाला गेली की बाकीच्या बाया पोरांना पिटाळायच्या. सगुणा कमरेवर हात ठेवून इकडूनच एक हाक मारायची. म्हैस तर वळायचीच, पलीकडच्या गावातली चार माणसंही दचकून बघायची. चंद्राबाई म्हणायच्या, "माज्या सुनंमुळं गावाचा दवंडीवाला उपाशी मरंल." बोलायच्या फटकळ, पण त्यात कौतुकही असायचं.

तिचं माहेर पासली. खिंड चढून पलीकडं उतरलं की वेल्ह्याच्या बाजूचं डोंगरातलं गाव, चहूकडं भाताची खाचरं. तिथं तिची आई ठकुबाई आणि धाकटा भाऊ ज्ञानू. दरवर्षी होळी झाली की ज्ञानू मुराळी होऊन यायचा. मुराळी म्हणजे लेकीला सासरहून माहेरी न्यायला आलेला माणूस. आमच्याकडं मुराळ्यावाचून बाई माहेराला जात नाही. ज्ञानू पांढरं धोतर नेसून, फेटा बांधून, कानवल्यांची शिदोरी घेऊन यायचा. चंद्राबाई त्याला जेवू घालायच्या, सुनेची ओटी भरायच्या आणि "आठ दिसांत आणून सोड" असं बजावून वाटेला लावायच्या. शेतीची कामं नसण्याचा तो काळ. होळीपासून रोहिणीपर्यंत. त्या आठ दिवसांवर सगुणा सगळं वर्ष काढायची, असं तिनं स्वतःच कितीदा तरी सांगितलं आहे.

आता नेमकं झालं असं, की धरणाचं पाणीही होळीलाच मागं सरतं. पाणी सरलं की खालची गाळाची जमीन उघडी पडते. हाताच्या तळव्यासारखी सपाट, मऊ, खडा नाही की काटा नाही. धरण होण्याआधी ती टेपवाडीची शेतं होती. चिमाजीनं ती जमीन बघितली, चेंडूत हवा भरून घेतली आणि तो वेडाच झाला. म्हणाला, असलं मैदान पलटणीतसुद्धा बघितलं नाही. महिन्याभरात त्यानं आसपासच्या गावांत जाऊन पोरं गोळा केली. पासलीपासून थेट भोंगवलीपर्यंत आठ गावांचे संघ तयार झाले. मैदान कोरडं तोवर मोसम. मृग निघाला, पेरण्या आल्या, की खेळ बंद.

एक नियम चिमाजीनं पहिल्याच बैठकीत ठोकून सांगितला. टेपवाडीचा सगळ्यात चपळ गडी सावळाराम, डाव्या बाजूनं वाऱ्यासारखा पळायचा. तो बौद्धवस्तीतला. चिमाजी म्हणाला, "जे अकरा मैदानात, तेच अकरा एका पंगतीत. पलटणीत तसंच असतंय. ज्याला पटत न्हाई त्यानं संघ आणू नये." दोन गावं तणतणत उठून गेली. पुढच्या वर्षी गुपचूप परत आली, कारण तोवर त्यांच्याही पोरांना चेंडूचं खूळ लागलं होतं. बाकीचे नियम पुढं दरसाल बदलले; हा मात्र कुणी बदलू म्हटलं नाही.

पहिल्या साली सामने बाद पद्धतीनं झाले. हरला तो घरी. सगळे सामने टेपवाडीच्या मैदानावर. ज्ञानू पासलीचा गोली झाला होता. हात लांब, भीती ठाऊक नाही. सगुणाला वाटलं, हे झकास झालं. भाऊ खेळायलाही येईल आणि न्यायलाही येईल. तिनं लुगडी घडी करून गाठोड्यात बांधून ठेवली. पासलीचा पहिलाच सामना भोंगवलीशी पडला आणि पासली सपाटून हरली. ज्ञानू घामाघूम होऊन, गुडघ्यापर्यंत गाळ माखलेला, निळी हाफ चड्डी घालून बहिणीच्या दारात आला.

"आक्का, चल," तो म्हणाला. "आमची मंडळी निघाली."

चंद्राबाई दारात आडव्या उभ्या राहिल्या. त्यांनी त्याला खालपासून वरपर्यंत न्याहाळलं, आणि त्यांची नजर मध्येच चड्डीवर थांबली.

"हे काय सोंग?"

"मुराळी न्हाई का म्या, आत्याबाई?"

"हाफ चड्डीतला मुराळी आजवर कुणी बघितला न्हाई. ना धोतर, ना शिदोरी, हरून आलेला, आन् संगती धा गडी! माजी सून काय ढालगज हाय व्हय, चेंडूवाल्यांच्या मागनं जायला? धोतर नेसून ये. माज्या हातानं ओटी भरून धाडते."

ज्ञानूनं मागं वळून बघितलं. त्याचे गडी खिंडीच्या वाटेला लागले होते. उन्हं कलायच्या आत खिंड चढायची होती. तो पळत सुटला. सगुणानं केलेल्या पुरणपोळ्या तशाच राहिल्या. "परत येतो," असं तो ओरडला खरा, पण दोन दिवसांत घरी शाकारणी निघाली, मग पुढल्या सालासाठी सराव सुरू झाला, मग पेरणी आली. त्या साली सगुणानं माहेर बघितलं नाही.

ज्ञानूला दोष द्यावा तर तोही बिचारा लबाड नव्हता. त्याला वाटलं होतं, टेपवाडीला खेळायला जायचंच आहे, तेव्हा आक्काला भेटू. दोन खेपा कशाला? आणि चंद्राबाईंनाही बोल लावता येत नाही. त्यांनी नाही म्हटलंच नव्हतं, फक्त धोतर मागितलं होतं. म्हणून सगुणानं सगळा राग काढला तो त्या बाद पद्धतीवर.

"अवो, ही कसली तुमची रीत?" तिनं चिमाजीला विचारलं. "माणूस डोंगर चढून येतोय, एकदा हरला की वाटंला लावताय. लग्नात रुसलेल्या व्याह्यालाबी कुणी असं हाकलत न्हाई. दोनचार खेळ तरी खेळवा की."

चिमाजीला ते पटलं. खरं तर इतर गावांचीही तीच कुरकुर होती. हरलेली गावं पुढं फिरकतच नव्हती आणि शेवटचा सामना बघायला फक्त म्हशी उरल्या होत्या. दुसऱ्या साली त्यांनी आठ गावांचे दोन गट केले. एका गटात चार, गटातल्या सगळ्यांशी खेळायचं, मग दोन्ही गटांतले पहिले एकमेकांशी. गट पाडायला चिठ्ठ्या टाकल्या. सगुणा दारामागं कान देऊन उभी. चिठ्ठ्या निघाल्या: टेपवाडी एका गटात, पासली दुसऱ्या. आणि एकाच मैदानावर गर्दी नको म्हणून त्या दुसऱ्या गटाचे सामने ठरले खाली भोंगवलीकडं.

म्हणजे गेल्या साली भाऊ तासभर तरी दिसला होता, आता तोही दिसेना; भोंगवलीच्या खेपांतच त्याचा मोसम संपला. सगुणानं चिमाजीशी अबोला धरला. ताटात भाकरी पडायची, मिरची पडायची, पण कालवण काही पडायचं नाही. पलटणीत वाळवंट बघून आलेला माणूस, पण कोरड्या भाकरीपुढं त्यानं शरणागती पत्करली.

"काय पायजे ते एकदा बोल तरी," तो म्हणाला.

"सगळ्यांनी सगळ्यांशी खेळायचं," सगुणा म्हणाली. "गटबिट न्हाई."

"त्याला साखळी म्हणत्यात."

"तुमी कायबी म्हणा. त्यात पासली आमच्याशी खेळंल ना?"

"खेळंल."

"मग साखळी."

अशी साखळी आली. जिंकला की दोन गुण, बरोबरीला एक, हरला की हात हलवत घरी. बैठकीत चिमाजीनं पलटणीचे, मोठ्या शहरांचे दाखले दिले, भोंगवलीचे बाजीराव, आठ गावांनी मिळून केलेल्या मंडळाचे अध्यक्ष, मिशीवर हात फिरवत म्हणाले, "इचार खोल हाय." खोल विचार कुठल्या चुलीपाशी झाला, ते चिमाजीनं सांगितलं नाही. कोरड्या भाकरीचा ठसका मात्र त्याला अजून आठवत होता.

पण सगळे सामने टेपवाडीला. आठ गावांचे गडी, त्यांच्यामागं हौशी, आणि रीत अशी की ज्याच्या गावात सामना त्यानं पंगत घालायची. टेपवाडीच्या बायांचे हात भाकऱ्या थापून थापून दुखून आले. पासलीच्या शेवटच्या सामन्यालाही सगुणा सकाळपासून परातीला जी खिळली, ती ज्ञानू दारात येऊन "आक्का, चाललो" म्हणाला तेव्हा पिठाच्या हातानंच उठली. हातावरचं पीठ त्याच्या सदऱ्याला लागलं. सातही सामन्यांत भेट झाली ती एवढीच. रडूही आलं आणि रागही. रागच जास्त.

त्या संध्याकाळी तिनं आळीतल्या सगळ्या बाया गोळा केल्या आणि त्या तशाच, पिठाच्या हातांनी, बाजीराव बसले होते त्या पारापाशी जाऊन उभ्या राहिल्या. बोलली सगुणाच. आणि ती बोलली म्हणजे पलीकडच्या काठालाही ऐकू गेलं.

"अध्यक्षसायेब, खेळ सगळ्यांचा आन् चुली फकस्त आमच्याच जळायच्या? एक सामना हितं करा, दुसरा त्यांच्या गावाला. आमच्या गड्यांनीबी खावी की दुसऱ्याच्या हातची भाकरी!"

बायांनी गलका केला. बाजीरावांनी फेटा सारखा केला आणि ते म्हणाले, "बाई बोलती ते बराबर हाय." अशा रीतीनं प्रत्येक गावाशी दोनदा खेळायचं ठरलं, एकदा आपल्याकडं, एकदा त्यांच्याकडं. सगुणाच्या मनात मात्र एकच होतं. आता टेपवाडीचा संघ पासलीला जाणार.

आणि गेलाही. पासलीचं मैदान म्हणजे तीन खाचरांचे बांध फोडून सपाट केलेली जागा. एका बाजूला डोंगर, दुसऱ्या बाजूला पायऱ्यांसारखी उतरती खाचरं. चेंडू जरा जोरात गेला की या खाचरातून त्या खाचरात टप्पे घेत खाली ओढ्यापर्यंत जायचा, आणि तो येईपर्यंत सगळे पाणी पिऊन घ्यायचे. गाळावर खेळणाऱ्या टेपवाडीच्या गड्यांचे तिथं गुडघे फुटले. सामना हरून चिमाजी सासूच्या घरी टेकला. ठकुबाईंना तोवर कमी दिसायला लागलं होतं. त्यांनी जावयाच्या पायावर पाणी घातलं, गूळ पुढं केला, आणि इकडंतिकडं चाचपत विचारलं, "सगुणा कुठं बसली?"

"ती न्हाई आली, मामी. खेळाचे गडी तेवढे आलो."

म्हातारीनं चाचपणारा हात मागं घेतला. मग म्हणाली, "चेंडू आणला व्हय, पावणं. लई चांगलं केलं. लेक घरी ठेवली आन् चेंडू आणला. मला आता दिसत न्हाई, चेंडू काय आन् लेक काय, हात फिरवूनच वळखायची. पर चेंडूवर हात फिरवून काय करू?"

चिमाजी पलटणीतला गडी, पण हातातला गूळ त्यानं तसाच परत ठेवला. घरी येऊन त्यानं हे सगळं सगुणाला जसंच्या तसं सांगितलं. सगुणानं ताट बाजूला सारलं. मग चिमाजी म्हणाला, "पुढल्या साली पासलीला जाऊ तवा तुला संगं नेतो. आईला मी समजावतो. नवऱ्यासंगती जायाला मुराळी कशाला लागतोय?"

तो शब्द सगुणानं पदराच्या गाठीला बांधून ठेवला. पुढल्या साली. म्हणजे पुढल्या साली दोन्ही गावांचा सामना व्हायला हवा, एवढंच.

आणि इथंच त्या खेळानं पुन्हा कूस बदलली. फुटबॉलची हवा सगळ्या खोऱ्यात पसरली होती. आठ गावांची बारा झाली. बारा जणांनी दोनदा दोनदा खेळायचं म्हटलं तर मोसम पेरणीत शिरतो, आणि पेरणीच्या वेळी चेंडूमागं धावणाऱ्याला घरचे नांगराला जुंपतील. म्हणून सत्तर सालच्या आधीच्या बैठकीत बाजीरावांनी ठरवून टाकलं: पहिल्या गटात सहा, दुसऱ्या गटात सहा. पहिल्या गटातला शेवटचा खाली जाणार, दुसऱ्यातला पहिला वर येणार. टेपवाडी आणि पासली दोघीही पहिल्या गटात धरल्या गेल्या. सगुणा खूश झाली. खाली जाण्याची गोष्ट तिच्या कानावर आली होती, पण आपल्यापैकी कुणी खाली जाईल हे तिच्या मनातही आलं नाही.

सत्तर साली पासलीचा सामना आधी पासलीला होता, आणि नेमकी तेव्हाच चंद्राबाईंना थंडीताप भरून आला. सासूला अंथरुणावर टाकून सगुणा कशी जाणार? चिमाजी एकटाच गेला आणि सामना बरोबरीत सोडवून, सासूच्या घराकडं न फिरकता परत आला. "राहू दे," तो म्हणाला, "पुढल्या साली." पण त्या मोसमात टेपवाडीला कुणाची दृष्ट लागली कोण जाणे, बाकी सगळ्यांकडून हरली. पासलीही तशीच हरली. शेवटचा सामना उरला तो या दोघांमध्येच, टेपवाडीच्या मैदानावर, आणि दोघींचे गुण सारखे. जो हरेल तो खाली.

"आन् बरोबरी झाली तर?" सगुणानं विचारलं.

"बरोबरी झाली तर कुणाला ढकलायचं ह्येचा नियमच न्हाई," चिमाजी म्हणाला. "बाजीरावाचं म्हणणं, मग दोघंबी राहू द्या, पहिल्या गटात सहाचे सात करू."

"म्हंजे बरोबरी झाली तर पुढल्या साली पासलीला जायाचं?"

"तुला घेऊन जायाचं."

जगात बरोबरीसाठी इतका मनापासून नवस कुणी केला नसेल. सगुणानं म्हसोबाला नारळ बोलला, पाण्याच्या आसरांना खण बोलला, आणि जाऊन बांधावर टेपवाडीच्या बायांमध्ये बसली. शेजारी चंद्राबाई. आता त्यांनाही खेळाचं वेड लागलं होतं. ज्याला भाजी म्हणाल्या होत्या त्याच चेंडूसाठी दात-ओठ खात होत्या.

बाजीरावांनी शिट्टी फुंकली. आधी पासलीनं गोल केला. बायांनी शिव्या घातल्या, सगुणाही त्यांच्यात सामील झाली, जरा खालच्या आवाजात. मग सावळारामनं डावीकडून येऊन फेडून टाकला. एकास एक. सगुणा डोळे मिटून बसली. तिला दोन्ही बाजूंचं कुणीच हरायला नको होतं. एवढी गाळात माखलेली माणसं जिवाच्या आकांतानं धावताना तिनं कधीच बघितली नव्हती, आणि सगळ्यांची मिळून तिला काळजी लागून राहिली होती. उन्हं कलली. बाजीरावांनी कमरेच्या घड्याळाकडं बघितलं. झालंच आता, झालंच, असं सगुणा मनात म्हणत होती.

तेवढ्यात सावळाराम पुन्हा सुटला. दोघांना चकवून एकटाच गोलासमोर. ज्ञानू पुढं आला होता. सगुणाला बांधावरून दिसलं की सावळारामचा पाय डावीकडं वळतोय आणि ज्ञानू उजवीकडं झुकतोय. तिनं विचार केला नाही. तोंडाशी हात नेला आणि म्हशीला मारायची ती हाक मारली.

"ज्ञानूऽऽ! डावीकडं रंऽ!"

सगळं खोरं दणाणलं. ज्ञानूनं ऐकलं. पण तो डावीकडं गेला नाही; त्यानं मान वळवून बांधाकडं बघितलं. चेंडू त्याच्या कुशीजवळून गेला तो त्यानं पाहिलाच नाही.

टेपवाडीत जो जल्लोष झाला तो विचारू नका. बायांनी सगुणाला उचलून धरलं. "सगुणानं गोल केला! गोलीला हाक मारून फसवलं गं बाई!" चंद्राबाईंच्या डोळ्यांत पाणी आलं. "माजी सून," त्या सगळ्यांना सांगत सुटल्या, "माहेराची परवा केली न्हाई. सासरच्या गावाची लाज राखली!" आणि सगुणा त्या सगळ्यांच्या मध्ये उभी राहून ढसाढसा रडत होती, आणि लोकांना वाटत होतं आनंदानं.

पंगत उठल्यावर ज्ञानू निरोप घ्यायला आला. त्याच निळ्या चड्डीत, आता विटून पांढुरकी झालेली.

"म्या तुला सांगत हुते रं," सगुणा हुंदका देत म्हणाली. "डावीकडं म्हनून सांगत हुते. बघितलंस कशाला माज्याकडं?"

ज्ञानूनं पायानं गाळ उकरला. "आक्का, तू हाक मारल्यावर बघायचं न्हाई व्हय?"

तो खिंडीकडं गेला. पासली खाली गेली.

एकाहत्तर साली होळी आली, पाणी सरलं, मैदान उघडं पडलं. पहिल्या गटाचे सामने लागले, त्यात पासली नव्हती. सगुणानं कुणाला काही म्हटलं नाही. भाकऱ्या थापल्या, कालवण केलं, चिमाजीशी भांडलीसुद्धा नाही, आणि त्यामुळंच चिमाजीला भीती वाटायला लागली. खेळाची रीत ती आणखी बदलवू शकली असती. बारा गावांना पारावर उभं करायची ताकद तिच्या आवाजात होती. पण तिनं सगळं करून बघितलं होतं, आणि शेवटी आपल्याच तोंडानं घालवलं होतं.

आणि एके सकाळी ओट्यावर तांदूळ पाखडताना चंद्राबाई थबकल्या. दारात एक माणूस उभा होता. पांढरं स्वच्छ धोतर, डोक्याला फेटा, काखेत शिदोरीचं गाठोडं. घामानं निथळत होता, पण उभा होता थेट नवरदेवासारखा.

"कोण म्हनायचं?" चंद्राबाईंनी मुद्दामच विचारलं.

"मुराळी. आक्काला न्यायला आलोय."

"चेंडू कुठंय?"

"न्हाई आणला. औंदा हितं सामना न्हाई ना, आत्याबाई. सामना हुता तवा वाटायचं, खेळायला जातोयच की. आता खेळच न्हाई म्हटल्यावर ध्यानात आलं, किती वर्सं न्यायलाच आलो न्हाई."

आत चुलीपाशी सगुणाच्या हातातली पळी खाली पडली.

चंद्राबाई शब्दाला पक्क्या. त्यांनी ज्ञानूला गुळपाणी दिलं, शिदोरी उलगडून कानवले मोजल्यासारखं केलं, आणि स्वतः उठून सुनेची खणानारळानं ओटी भरली. चिमाजी मध्येच म्हणाला, "आये, परवा हितं सामना हाय, पंगत कोण बघंल?" त्यावर चंद्राबाई कडाडल्या, "मी काय मेले व्हय? गोल करणाऱ्या बाईला चार दीस माहेर देत न्हाई व्हय तुमी?" आणि मग ज्ञानूला हळूच म्हणाल्या, "बरोबर चार दिसांनी न्हाई, आठ दिसांनी आण. आन् पासलीला वर आणा रं, तुमच्याबिगर खेळाला चव न्हाई."

खिंड चढेपर्यंत ज्ञानू गप्प होता आणि सारखा सूर्याकडं बघत होता. माथ्यावर पोचल्याबरोबर त्यानं शिदोरीचं गाठोडं खाली ठेवलं, धोतराचा काचा सोडला आणि धोतर गुंडाळून खांद्यावर टाकलं. आत तीच निळी हाफ चड्डी.

सगुणा बघतच राहिली.

"चारला सामना हाय," ज्ञानू म्हणाला. "दुसऱ्या गटातला. आक्का येईस्तवर सुरू करू नका म्हनून सांगून आलोय. चल, पाय उचल. आन् हे बघ, औंदा हाक मारायची न्हाई."

"मारणार. तू बघू नगंस म्हंजे झालं."

"ते जमायचं न्हाई," ज्ञानू म्हणाला आणि उतारावर पळत सुटला.

सगुणा हसली. खूप वर्षांचं साठलेलं हसू होतं ते, थांबेचना. तिनं पदर खोचला, ओटीचा नारळ पोटाशी धरला आणि भावामागं पळाली. शेवटच्या वळणावर खालची खाचरं दिसली. मैदानात गडी ताटकळत उभे होते, आणि बांधाच्या कडेला, कुणीतरी अंथरलेल्या घोंगडीवर, एक पांढऱ्या केसांची बाई बसली होती.

सगुणा थांबली. तिनं तोंडाशी हात नेला.

"आयेऽऽऽ!"

मैदानातल्या सगळ्या गड्यांनी माना वर केल्या. कुणाच्या तरी पायाखालचा चेंडू सुटला आणि टप्पे घेत खालच्या खाचरात गेला. तो आणायला कुणीच धावलं नाही. ठकुबाईंना दिसत नव्हतं, पण त्या घोंगडीवरून उठल्या, नेमक्या खिंडीच्या वाटेकडं तोंड करून, आणि दोन्ही हात पुढं करून उभ्या राहिल्या.